व्हिडिओ दादाचा, बातमी कुणाची?

पत्राचा सारांश

पत्र लिहिणारी वाचक २६ वर्षांची, रत्नागिरी जिल्ह्यातल्या खाडीकाठच्या एका गावातली. चार वर्षं मुंबईच्या एका मराठी वृत्तवाहिनीसाठी तालुक्याची स्ट्रिंगर आहे. नियुक्तिपत्र नाही. बातमी लागली तर बातमीमागे पैसे, तेही कधी मिळतील त्याचा भरवसा नाही. तिला शोधपत्रकार व्हायचंय आणि टीव्हीवरच.

मोठा भाऊ जवळच्या औद्योगिक वसाहतीतल्या एका रासायनिक कारखान्यात शिफ्टवर आहे. घर त्याच्या पगारावर चालतं. मागच्या महिन्यात जेवताना त्याने मोबाइलवर एक व्हिडिओ दाखवला. रात्रीची वेळ, टँकरला जोडलेला पाइप आणि नाल्यात सोडलं जाणारं काहीतरी. नाला खाडीला मिळतो, खाडीत तिच्या मामांची जाळी असतात. भाऊ झोपल्यावर तिने तो व्हिडिओ आपल्या मोबाइलवर घेतला. वाहिनीला अजून पाठवलेला नाही, पण इनपुट हेडना, म्हणजे बातम्या मागवणाऱ्या विभागाच्या प्रमुखांना, फोनवर सांगितलं. ते म्हणाले, एवढ्याने स्टोरी उभी राहत नाही. छुपा कॅमेरा घेऊन आत जा, कुणाला तरी बोलतं कर, गाजली तर तुला मुंबईला इन्व्हेस्टिगेशनला घेतो. रविवारपर्यंत कळव.

आईचं म्हणणं, राजापूरला काय झालं ते विसरलीस का, तो बूम (वाहिनीचा माइक) खाली ठेव आणि लग्नाचं बघ. वाचक विचारते : "घाबरून गप्प बसले तर पुन्हा स्वतःला पत्रकार म्हणवून घेता येईल का? आणि ही संधी गेली तर कोकणात राहून कुणी शोधपत्रकार होऊ शकतं का?"

उत्तर

प्रिय खाडीकाठची,

पाच पानांच्या पत्रात धाडस, भीती, मुंबई, आई यांवर तू भरभरून लिहिलंस. पण भाऊ झोपल्यावर व्हिडिओ घेतला, ही गोष्ट अर्ध्या ओळीत उरकलीस. मला सगळं पत्र तिथेच अडलेलं दिसतं, म्हणून सुरुवात तिथून करतो.

या व्यवसायात ज्याच्याकडून माहिती मिळते त्याला आपण स्रोत म्हणतो आणि त्याला सांभाळायच्या शपथा घेतो. तुझा पहिला मोठा स्रोत तुझा सख्खा भाऊ आहे आणि आपण स्रोत झालोय हे त्याला ठाऊकच नाही. त्याने व्हिडिओ बहिणीला दाखवला. वाहिनीच्या प्रतिनिधीला दाखवला, असं त्याच्या मनातही नसेल. घरात जेवताना बोललेलं बाहेर जात नाही या भरवशावर माणसं घरात बोलतात.

आता तो व्हिडिओ भावाची बहीण म्हणून नको, कारखान्याच्या व्यवस्थापकाच्या नजरेने बघ. तो ज्या कोपऱ्यातून घेतलाय तिथे त्या रात्री किती माणसं उभी असू शकत होती? शिफ्टचं रजिस्टर असतं, गेटवर सीसीटीव्ही असतो. तुमच्या वाहिनीवर पट्टी फिरायला लागली की माणूस हुडकायला त्यांना एक दुपार पुरेल. चेहरे ब्लर होतील, आवाज बदलता येईल, पण कॅमेरा कुठे उभा होता ते कुठल्याही एडिटरला बदलता येत नाही. वर बातमी देणारीचं आडनाव तेच.

आणखी एक प्रश्न, विचारायला अवघड आहे पण विचारतो. दादा त्या रात्री बघत उभा होता, की कामावर होता? पाइप जोडायला कुणाला सांगितलं होतं? अशी प्रकरणं अंगाशी आली की वरच्या साहेबांच्या आधी शिफ्टवरच्या माणसाचं नाव पुढे केलं जातं. 'कामगाराच्या चुकीमुळे गळती' हा खुलासा तूही तुझ्या बातम्यांत कधीतरी वाचून दाखवला असशील.

कायद्याच्या बाजूनेही तो व्हिडिओ तुला वाटतो तेवढा पक्का नाही. मोबाइलवरून मोबाइलवर आलेली ती प्रत आहे. इलेक्ट्रॉनिक पुरावा कोर्टात टिकवायचा तर मूळ उपकरण हजर करावं लागतं, नाहीतर ते ज्याच्या ताब्यात होतं त्याचं प्रमाणपत्र लागतं. जालन्याच्या एका निवडणूक वादात सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये हे स्पष्ट केलं, तेही व्हिडिओ चित्रणावरूनच. आता भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ मध्ये ती अट आहे, शिवाय तज्ज्ञाचीही सही लागते. उद्या कारखान्याने अब्रुनुकसानीचा दावा लावला आणि हा व्हिडिओ खरा आहे हे सिद्ध करायची वेळ आली, तर त्या कागदावर सही कुणाची लागेल? दादाची. स्रोताचं नाव सांगणार नाही असं तू म्हणशील, पण आपल्याकडे पत्रकाराला तसा सरसकट कायदेशीर हक्क नाही. १९७८ च्या प्रेस कौन्सिल कायद्यातलं संरक्षण फक्त कौन्सिलपुढच्या कामकाजापुरतं आहे आणि कौन्सिल वृत्तपत्रांची आहे, वाहिन्यांची नाही.

म्हणून माझं मत सांगतो. व्हिडिओ वाहिनीला पाठवू नकोस. आज रात्री दादाला सांग की मी तो घेतलाय. तो चिडेल, चिडू दे. त्यानंतर तो नाही म्हणाला तर समोरच पुसून टाक. कदाचित तो म्हणेल, व्हिडिओ वापरू नको पण कुठल्या रात्री टँकर येतात ते सांगतो. या क्षेत्रात असं बरेचदा होतं. माणसाला पुरावा व्हायचं नसतं, पण वाट दाखवायला तो तयार असतो. आणि भाऊ त्या कारखान्यात आहे हे वाहिनीच्या संपादकांना आधीच सांगायला हवं, मग बातमी कुठल्याही मार्गाने होवो. हितसंबंध आपण सांगितला तर ती माहिती असते, समोरच्याने उकरून काढला तर तोच आरोप होतो.

आता छुपा कॅमेरा. टीव्हीवर शोधपत्रकारिता म्हटलं की शर्टाच्या बटणातला कॅमेरा, हलणारी चित्रं आणि लाल वर्तुळ, असं समीकरण होऊन बसलंय. तुझ्या इनपुट हेडनाही तेच हवंय. पण वृत्तवाहिन्यांच्या स्वतःच्याच आचारसंहितेत स्टिंग हा शेवटचा उपाय आहे : मोठं लोकहित हवं, दुसरा मार्ग उरलेला नसावा. तुमच्या बाबतीत पहिला मार्गसुद्धा अजून कुणी चाललेलं नाही. दिल्लीत २००७ मध्ये एका शिक्षिकेविरुद्धचं स्टिंग बनावट निघालं. तोवर जमावाने तिला शाळेबाहेर मारहाण केली होती, आणि सरकारने ती वाहिनी महिनाभर बंद ठेवली. तुझं स्टिंग बनावट नसेल हे मान्य. पण कारखान्यात ओळख लपवून शिरलीस तर अनधिकृत प्रवेशाची तक्रार तुझ्या नावावर होईल, 'आमच्या प्रतिनिधीने' असं म्हणणाऱ्या वाहिनीच्या नव्हे. कारण कागदोपत्री तू त्यांची प्रतिनिधी नाहीसच.

मग बातमी सोडून द्यायची का? मुळीच नाही. उलट मला वाटतं तुझ्याकडे टँकरपेक्षा मोठी बातमी आहे आणि ती गेटच्या बाहेर पडली आहे.

अशा रासायनिक कारखान्याला महाराष्ट्र प्रदूषण नियंत्रण मंडळाचं संमतीपत्र लागतं. मंडळाच्या संकेतस्थळावर ही संमतीपत्रं बघायला मिळतात. कुठल्या उत्पादनाला परवानगी आहे, रोज किती पाणी वापरायचं, किती सांडपाणी निघेल, त्यावर काय प्रक्रिया करायची आणि ते कुठे पाठवायचं, सगळं त्यात लिहिलेलं असतं. आता एका बाजूला एमआयडीसीने वसाहतीला पुरवलेल्या पाण्याचे आकडे ठेव, दुसऱ्या बाजूला सामायिक सांडपाणी प्रक्रिया केंद्रात पोचलेल्या सांडपाण्याचे. काही पाणी वाफ होऊन जातं, काही मालात जातं, तो हिशेब संमतीपत्रातच असतो. तो वजा करूनही मोठा फरक उरत असेल तर ते पाणी गेलं कुठे, हा प्रश्न तुला कुणाच्याही गेटच्या आत न शिरता विचारता येतो. टँकरचंही तेच. घातक कचरा वाहून न्यायचा तर २०१६ च्या नियमांप्रमाणे मॅनिफेस्ट भरावा लागतो. त्यात गाडीचा नंबर, माल, कुठून निघाला, कुठे पोचला हे येतं. निघाल्याची नोंद आहे आणि पोचल्याची नाही, असा एक कागद हाताला लागला तर शंभर छुप्या कॅमेऱ्यांपेक्षा तो बोलका असतो.

हे कागद माहितीच्या अधिकारात मागता येतात. अर्जाला १० रुपये, उत्तराला ३० दिवस. महाराष्ट्रात एका अर्जात एकच विषय आणि तो १५० शब्दांत बसवायचा. हे तुला ठाऊक असेलच. मी वेगळी सावधगिरी सांगतो. तालुक्याच्या गावात माहितीचा अर्ज गुप्त राहत नाही. सकाळी दिलेल्या अर्जाची चर्चा संध्याकाळी नाक्यावर असते. शिवाय माहिती त्रयस्थाची असेल तर कलम ११ प्रमाणे अधिकारी त्या कंपनीला नोटीस पाठवून तिचं म्हणणं मागवतो. म्हणून एका कारखान्याचं नाव घालू नकोस. सगळ्या वसाहतीचे, तीन वर्षांचे, तपासणीचे आणि कारवाईच्या नोटिसांचे कागद माग. गठ्ठा मोठा येईल, वाचायला वेळ जाईल, पण तुझा नेम कुणावर आहे ते कळणार नाही. महिन्यात उत्तर आलं नाही तर पहिलं अपील, मग माहिती आयोगाचं कोकण खंडपीठ. हे काम महिन्यांचं आहे. ज्या बातमीचं उत्तर रविवारपर्यंत हवं असतं ती सहसा शोधाची नसते.

खाडीचं पाणी बाटलीत भरून प्रयोगशाळेत पाठवायचा विचार तू लिहिला आहेस. पाठव, तुला माहिती मिळेल. मात्र तो कायदेशीर पुरावा नव्हे. १९७४ च्या जल प्रदूषण कायद्यात नमुना कसा घ्यायचा ते कलम २१ मध्ये ठरलेलं आहे : अधिकाऱ्याने, कारखान्याला सूचना देऊन, नमुन्याचे भाग करून, सील लावून. तेव्हा मासे मरून वर येतील त्या सकाळी मच्छीमार सोसायटीने मंडळाला लेखी कळवावं आणि अधिकारी नमुना घेताना तुझा कॅमेरा चालू असावा. अधिकारी आलाच नाही तर तीही बातमी, तारीख-वेळेसकट. तक्रार सोसायटीच्या लेटरहेडवर गेली की ती एकट्या पोरीची राहत नाही. सोसायटीला पुढे हरित न्यायाधिकरणाच्या पुण्याच्या खंडपीठापुढेही जाता येतं.

आणि मामांकडे वही असू दे. आपले दर्यावर्दी भरतीची वेळ घड्याळात बघत नाहीत, तिथीच्या पाऊणपटीने काढतात. अष्टमीला सहाच्या सुमारास भरती, की ओहोटी सहा तासांनी. मासे कुठल्या तिथीला मेले, त्याआधी ओहोटी कधी लागली होती, तिसऱ्या (शिंपल्या) कुठल्या खाजणात मिळेनाशा झाल्या, बाजारात माशांची पाटी किती वाजता रिकामी व्हायची आणि आता किती वाजता होते, हे दोन पावसाळे कुणी लिहून ठेवलं तर त्यातून जे दिसेल ते कुठल्याही टँकरच्या व्हिडिओत दिसणार नाही. "कागद टीव्हीवर दिसत नाहीत" असं तुझे हेड म्हणतील. पाटीवर बसलेली मावशी टीव्हीवर दिसते. तिच्या शेजारी संमतीपत्रातली ओळ पिवळी करून दाखवली की कागदही दिसतो.

तिवरे धरण आठव. २ जुलै २०१९ च्या रात्री ते फुटलं आणि वाडी वाहून गेली. कॅमेरे त्यानंतर पोचले, आपले सगळ्यांचेच. धरण खेकड्यांनी पोखरलं, हे तत्कालीन जलसंधारणमंत्र्यांचं विधान तर आपण दिवसभर चालवलं. पण धरणाला गळती आहे, ही गावकऱ्यांची तक्रार फुटण्याच्या आधीची होती. तो कागद वाचणारा वार्ताहर जिल्ह्यातलाच असू शकत होता. मुंबईहून थेट प्रक्षेपणाची ओबी व्हॅन घेऊन येणारा तो कागद वाचायला येत नाही, खेकड्यांवर प्रतिक्रिया घ्यायला येतो. कोकणात राहून शोधपत्रकार होता येतं का, या तुझ्या प्रश्नाला माझं उत्तर यात आलं.

तरी मुंबईला जाऊच नये असं मी म्हणत नाही. पोंभुर्ल्याचे बाळशास्त्री जांभेकर मुंबईत गेले म्हणून १८३२ मध्ये 'दर्पण' निघाला, तेव्हा ही ओढ काही तुझ्यापासून सुरू झालेली नाही. चांगल्या डेस्कवर वर्ष-दोन वर्षं काढलीस तर स्क्रिप्ट कशी घट्ट होते, वकील बातमीतली कुठली ओळ काढायला लावतो आणि का, हे शिकशील. जिल्ह्यात ते शिकवायला कुणी नाही. पण 'इन्व्हेस्टिगेशनला घेतो' हे कुणी म्हटलं की आधी विचारायचं : त्या टीममध्ये आज किती माणसं आहेत? मागच्या वर्षी त्यांनी केलेल्या दोन बातम्या दाखवा. बऱ्याच ठिकाणी असा वेगळा विभागच नसतो; रोजचं बुलेटिन, चर्चा आणि ब्रेकिंग यांतून कुणाला सवड झाली तर तो शोध. आणि जी नोकरी तुला तुझ्या कामावर मिळायला हवी, ती एका व्हिडिओच्या बदल्यात तोंडी मिळत असेल तर तो सौदा आहे. त्यात दादाची नोकरी तारण पडली आहे.

आता आईकडे येतो. पत्रात तू तिला जरा मोडीत काढलंयस, 'तिला काय कळतं' या सुरात. पत्रकार शशिकांत वारिशे यांच्या दुचाकीला ६ फेब्रुवारी २०२३ ला राजापूरजवळ गाडीने उडवलं. रिफायनरीच्या वादातली त्यांची बातमी त्याच दिवशी छापून आली होती. दुसऱ्या दिवशी ते गेले, आणि ज्याच्याविरुद्ध लिहिलं होतं त्याला खुनाच्या आरोपाखाली अटक झाली. रिफायनरीवर लिहिणारे मुंबईतही पुष्कळ होते. पण राजापुरात राहणाऱ्याची गाडी, रस्ता आणि पेट्रोल भरायची वेळ सगळ्यांना ठाऊक असते. तुझ्या आईला नेमकं हेच कळतंय. तिच्या भीतीला 'गप्प बस' एवढंच उत्तर नाही, तसं 'मी घाबरत नाही' हेही नाही. तिला विचार, तुला नेमकी कशाची भीती वाटते. रात्रीच्या परतीची? फोनची? दादाच्या नोकरीची? त्यातल्या निम्म्या गोष्टींवर उपाय आहे.

एकटीने शूट नको, रात्री तर नाहीच. कुठे जातेस ते रोज एकाला तरी ठाऊक हवं आणि तो एक घरातला नसावा. कारखान्याची बाजू विचारायलाच हवी, त्यावाचून बातमी अपुरी. पण ती मुंबईच्या डेस्कने लेखी, मेलवर विचारावी, तू गेटवर जाऊन नाही. प्रसारणाच्या दिवशी तू गावात नसलीस तरी चालतं. तालुक्यातल्या आणखी दोन पत्रकारांना कागद आधीच देऊन ठेव. एक्सक्लुझिव्ह जाईल, जाऊ दे. एकाच माणसाकडे असलेली बातमी थांबवायला एकाच माणसाला थांबवावं लागतं. धमकी आली तर त्याच दिवशी लेखी कळव. महाराष्ट्रात पत्रकारांवरच्या हल्ल्याविरुद्ध २०१७ चा कायदा आहे. गुन्हा अजामीनपात्र, तपास पोलीस उपअधीक्षकापेक्षा खालच्या अधिकाऱ्याकडे द्यायचा नाही. पण पोलिसांनी तुला पत्रकार मानायचं तर वाहिनीशी तुझं नातं दाखवणारा कागद हवा. पुन्हा तिथेच येतो आपण.

महाड, चिपळूण, कणकवलीत बूम घेऊन फिरणारी तुझ्यासारखी कितीतरी मुलं-मुली हे वाचत असतील. बूम वाहिनीचा, पेट्रोल स्वतःचं, आणि नोटीस आली की 'तो आमचा नियमित प्रतिनिधी नाही'. हे चित्र तुम्ही एकट्याने बदलू शकणार नाही, पण धोक्याच्या प्रत्येक बातमीआधी एक मेल नक्की पाठवू शकता. आणि हो, दिवाळीत वाहिनीसाठी जाहिराती गोळा करायला लावत असतील तर ज्या वसाहतीवर बातमी करायची आहे तिथली जाहिरात आणू नका. कमिशन बुडेल.

तू म्हणतेस गप्प बसणं म्हणजे घाबरणं. तू गप्प बसणार नाहीयेस, रविवारच्या आत त्यांना लिहिणार आहेस. भाषा तुझी कर, मजकूर साधारण असा :

"सर, फोनवर बोलल्याप्रमाणे औद्योगिक वसाहतीतल्या सांडपाण्यावर काम करायला मी तयार आहे. माझा भाऊ तिथल्या एका कारखान्यात नोकरीला आहे, हे आधीच कळवते. ज्या व्हिडिओबद्दल बोलले तो मला वापरता येणार नाही. आत जाऊन छुपं चित्रीकरण करणार नाही. संमतीपत्रं, माहिती अधिकारातले कागद आणि मच्छीमारांच्या नोंदी यांवर बातमी उभी करीन. त्याला किमान चार महिने लागतील. त्यासाठी हे काम वाहिनीने मला दिलं आहे असं पत्र, प्रवासखर्च, आणि कायदेशीर नोटीस आल्यास वकिलाचा खर्च वाहिनी करील याची लेखी खात्री हवी आहे. कृपया मेलवर उत्तर द्यावं."

उत्तर फोनवर आलं, तर मेलवर पाठवा म्हणून सांग. मेल आलाच नाही, तर मुंबईची ती जागा खरी किती होती तेही कळेल, आणि संमतीपत्रं तुला वाहिनीशिवायही वाचता येतात. पण हे सगळं नंतर. आज रात्री दादाची शिफ्ट सुटेल तेव्हा जागी राहा.